भैरवगढ: जेल, मेण आणि सत्तर रुपये

काळभैरवाच्या वाटेवर रिक्षावाल्याला ‘जेलपाशी थांबव’ म्हटलं की तो आधी आरशातून आपला चेहरा निरखतो. मग विचारतो, ‘मुलाकात है क्या?’ उज्जैनच्या उत्तर टोकाला, शिप्रेच्या काठी, भैरवगढ नावाची वस्ती आहे. तिला लोक ओळखतात ते दारू पिणाऱ्या काळभैरवामुळे, बाटिकच्या कापडामुळे आणि सेंट्रल जेलमुळे. यात्रेकरू देवासाठी येतो, वेळ उरला तर चादर घेतो, आणि जेलची भिंत बसच्या खिडकीतून बघत पुढे जातो. मी त्या भिंतीसाठीच आले होते.

माहितीपटांसाठी लिहिणं हा माझा धंदा. कॅमेरा पोचायच्या आधी जायचं, माणसं हुडकायची, चहा प्यायचा, कोण बोलेल आणि कोण अंग चोरेल याचा अंदाज घ्यायचा. या खेपेला विषय आणीबाणीचा होता. आणीबाणीतल्या तुरुंगांबद्दल आपल्याकडे कमी लिहिलं-बोललं गेलेलं नाही. १९७५ च्या डिसेंबरात कऱ्हाडच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी असलेल्या दुर्गाबाई भागवत पुढच्या वर्षी आर्थर रोडला होत्या. प्रमिला दंडवते येरवड्यात, मधु दंडवते बंगळूरच्या तुरुंगात, आणि दोघांमध्ये पत्रांची ये-जा. मृणाल गोरेंना अकोल्याच्या तुरुंगात कुष्ठरोगी आणि मनोरुग्ण कैद्यांच्या शेजारी ठेवलं होतं. हे आपण मृणालताईंच्या हालांचा पुरावा म्हणून वाचतो, आणि तो आहेच. पण त्या शेजारच्या बाया तिथे आधीपासून होत्या. मृणालताई सुटल्यावर त्यांचं पुढे काय झालं, हे विचारायला मात्र कुणी थांबलेलं दिसत नाही. माझी संहिता या प्रश्नाशी येऊन अडली होती.

आनंद पटवर्धनांनी १९७८ मध्ये ‘जमीर के बंदी’ हा माहितीपट केला तेव्हाच त्यांनी एक अवघड गोष्ट सांगून ठेवली होती: राजकीय कैदी आणीबाणीच्या आधीही होते आणि नंतरही राहिले. आणीबाणी उठल्याच्या आनंदात ते ऐकायला कुणाला फुरसत नव्हती. मला त्याच्याही पलीकडे जाऊन बघायचं होतं. ज्यांना कुणी राजकीय म्हटलंच नाही, त्यांच्याकडे.

मध्य प्रदेशच का, तर आकड्यांमुळे. आणीबाणीतल्या अतिरेकांची चौकशी करणाऱ्या शहा आयोगाच्या अहवालाच्या छायाप्रती माझ्या पिशवीत होत्या. १९७८ साली तीन भागांत आलेला हा अहवाल १९८० च्या सत्तांतरानंतर जवळजवळ दिसेनासाच झाला. खासदार राहिलेल्या एरा सेळियन यांनी स्वतःकडची प्रत वापरून २०१० मध्ये तो पुन्हा छापला, म्हणून आपल्याला मिळतो. त्यातल्या तक्त्यानुसार देशभरात १ लाख १० हजार ८०६ माणसं स्थानबद्ध झाली. त्यातली ३४,९८८ ‘मिसा’ या अंतर्गत सुरक्षा कायद्याखाली, बाकीची भारत संरक्षण नियमांखाली. ‘मिसा’त उत्तर प्रदेश पहिला, आणि त्याच्या मागोमाग ५,६२० माणसं घेऊन मध्य प्रदेश. महाराष्ट्र ५,४७३. माळव्याच्या या भागात तेव्हा जनसंघाचं बळ मोठं होतं हे खरं, तरी एवढ्या संख्येत सगळेच काही जनसंघाचे नव्हते.

अवंतिका एक्सप्रेस सकाळी उज्जैनला सोडते. स्टेशनाबाहेर पोहे-जिलेबी खाल्ली आणि माधव कॉलेजवरून पुढे निघाले. या कॉलेजात गजानन माधव मुक्तिबोध शिकले. घरात मराठी, लेखन हिंदीत. धाकटे बंधू शरच्चंद्र मात्र मराठीतच लिहीत राहिले. वडील ग्वाल्हेर संस्थानच्या पोलीस खात्यात. म्हणजे सत्तेची वर्दी या मुलानं घरातल्या खुंटीवरच टांगलेली बघितली होती. १९६२ मध्ये मध्य प्रदेश सरकारने गजानन माधवांनी शाळेसाठी लिहिलेल्या भारताच्या इतिहासाच्या पुस्तकावर बंदी घातली. तेव्हा आणीबाणी नव्हती, पंतप्रधानपदी नेहरू होते. मुक्तिबोध १९६४ साली गेले, आणि ‘अंधेरे में’ ही त्यांची दीर्घ कविता लोकांनी अकरा वर्षांनंतर जणू काल लिहिल्यासारखी वाचली. आणीबाणी म्हणजे एका रात्रीत आभाळातून पडलेलं संकट, असं सांगणाऱ्यांना मी माधव कॉलेजच्या फाटकापर्यंत घेऊन यावं म्हणते.

काळभैरवाबद्दल थोडक्यात. मी गेले तेव्हा देवळाबाहेर दारूची सरकारी खिडकी होती, हार-नारळाच्या टोपलीत चपटी बाटली उभी. पुजारी बशीत ओततो, बशी मूर्तीच्या ओठांना लावतो, आणि ती रिकामी होते. पानिपतानंतर महादजी शिंद्यांनी आपली पगडी या देवाला वाहिली अशी परंपरा सांगतात, आणि भैरवाच्या डोक्यावर आजही शिंदेशाही पगडी असते. मराठी माणूस इथे उभा राहिला की त्याची छाती थोडी फुगते. माझीही फुगली. दौलतरावांनी १८१० साली राजधानी ग्वाल्हेरला हलवेपर्यंत हे आपल्या माणसांचं शहर होतं, आणि त्या राज्याबरोबर आलेली कारकून, भिक्षुक, सरदार मंडळींची घरं अजून इथे मराठी बोलतात.

देवळातून परतताना जेल. मी आत जाणार नव्हते. बाहेर काय दिसतं ते मला हवं होतं. फाटकासमोर मुलाकातीला आलेल्यांची गर्दी. बहुतेक बायका. हातात प्लास्टिकच्या पिशव्या, पिशवीत फरसाण, अंगाचा साबण, एका आजीच्या पिशवीत नवी चड्डी-बनियन पाकिटासकट. ती आजी पाकीट उघडून, हात घालून, पुन्हा बंद करत होती. तपासणीत पाकीट फाडतात, मग मुलाला वाटतं जुनं आणलं, म्हणून आधीच नीट उघडून ठेवते, असं तिने सांगितलं. आधार कार्डाची प्रत पदराच्या गाठीत. ती देवासच्या बाजूहून आली होती. मी कोण, का विचारते, हे तिने विचारलंच नाही. सरकारी दारात कुणीही काहीही विचारू शकतं, एवढं तिने गृहीत धरलेलं होतं.

तिची जात तिने सांगितली, कारण मी आडनाव विचारलं आणि तिने आडनावाऐवजी जातच सांगितली. कंजर. कंजर, सांसी, पारधी: माळव्यातल्या या जमातींची नावं १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याच्या काळापासून पोलिसांच्या वहीत आहेत. तो कायदा ३१ ऑगस्ट १९५२ ला रद्द झाला, आणि सराईत गुन्हेगारांचे कायदे त्याच्या जागी येऊन बसले. आपल्याकडे लक्ष्मण मानेंचं ‘उपरा’ आणि लक्ष्मण गायकवाडांचं ‘उचल्या’ आल्यावर मध्यमवर्गाला कळलं की काही माणसं जन्मतःच संशयित असतात. त्यांना अटक व्हायला आणीबाणी लागत नाही. आणीबाणीने एवढंच केलं की जामीन मागायची खिडकीही बंद केली.

‘मिसा’ हा कायदा आणीबाणीच्या चार वर्षं आधीचा, १९७१ चा. त्याखाली राजकीय विरोधक पकडले, तसेच ‘असामाजिक तत्त्व’ म्हणूनही लोक पकडले. शहा आयोगाच्या पानांवर हा वर्ग वारंवार भेटतो. चौकीवर यादी तयारच असते. वरून आकडा आला की यादीतून नावं उचलायची. भारतीय जनसंघाचा कार्यकर्ता आणि पोलिसांच्या वहीतला कंजर एकाच कायद्याने, एकाच फाटकातून आत गेले. हे दोघे बाहेर आले ते मात्र निरनिराळ्या इतिहासांत. मध्य प्रदेश सरकारने २००८ मध्ये लोकनायक जयप्रकाश नारायण यांच्या नावाने मिसाबंद्यांना सन्मान निधी सुरू केला, २०१८ मध्ये त्याचा कायदा झाला. सरकार बदललं तशी २०१९ मध्ये पडताळणीच्या नावाखाली रक्कम थांबली, सरकार पुन्हा बदललं तशी सुरू झाली. महाराष्ट्रातही हाच खेळ झाला: २०१८ ला सुरू, २०२० ला बंद, २०२२ ला पुन्हा सुरू. निधी कुणाला, तर राजकीय वा सामाजिक कारणासाठी आत गेलेल्यांना. ‘असामाजिक’ या शिक्क्याखाली गेलेल्याला अर्ज करायचीही सोय नाही. त्याला पकडण्याचं कारण त्या वेळच्या ठाणेदाराने लिहिलं आणि लोकशाही परत आली तरी सरकारला तेच कारण पुरेसं वाटतं.

जेलपासून थोडं चाललं की छिप्यांची वस्ती लागते. गल्लीत दोन्ही बाजूंना दोऱ्यांवर कापड, खाली गटारातून लाल-काळं पाणी. एका कारखान्यात शिरले. कारखाना म्हणजे एक लांब खोली, मधोमध कमरेएवढं टेबल आणि टेबलावर ओली वाळू पसरलेली. या वाळूवर कापड अंथरतात. गरम मेण कापडातून खाली उतरतं, वाळूला टेकताच थिजतं, आणि कापड कुठे चिकटत नाही. साध्या लाकडी टेबलावर हे जमणार नाही. कोपऱ्यात शेगडीवर पातेलं, त्यात मेण आणि राळ. कारागिराच्या हातात लोखंडी कलम, तिच्या टोकाशी गुंडाळलेला पुंजका मेण शोषून धरतो आणि दाबलं की बारीक धार सोडतो. त्याने माझ्यासमोर वेल काढला. पेन्सिलीची खूण नाही, छाप नाही. मनगट न उचलता पान, पानाला देठ, देठाला फूल. धार जाड व्हायला लागली की कलम पातेल्यात, पुन्हा त्याच बिंदूवर. जिथे मेण तिथे रंग चढत नाही. मग कापड रंगात बुडवायचं, वाळवायचं, आणखी मेण, आणखी गडद रंग. शेवटी उकळत्या पाण्यात टाकलं की सगळं मेण सुटून वर तरंगतं. ते गाळून घेतात आणि पुढच्या चादरीला वापरतात. बाटिकला ज्या भेगांची नक्षी म्हणून वाहवा मिळते, त्या भेगा कापड चुरगळून मेण तडकवल्याने पडतात. माझ्यासमोर त्याने मेण चढवलेलं कापड मुठीत आवळलं तेव्हा मेण मोडल्याचा आवाज आला.

उज्जैनच्या बाटिकला २०२३ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. कारागिराने भिंतीवरची फ्रेम दाखवली. वय साठीच्या पुढचं. आणीबाणीत तो दहा-बारा वर्षांचा असणार. मी विषय काढला.

‘चचा, नसबंदी का टाइम याद है?’

कलम पातेल्यात गेली. ‘याद है,’ तो म्हणाला, ‘पर घर में उसकी बात नहीं होती.’ आणि त्याने मला डबल बेडच्या चादरींचे भाव सांगायला सुरुवात केली. मी पुन्हा विचारलं नाही. माझ्या व्यवसायात दुसऱ्यांदा विचारणारे जास्त यशस्वी होतात, हे मला माहीत आहे.

१९७६–७७ या वर्षात देशात ८१ लाखांवर नसबंदी शस्त्रक्रिया झाल्या. केंद्राने ठरवलेलं लक्ष्य ४३ लाखांचं होतं. मध्य प्रदेशला पावणेतीन लाखांच्या आतलं लक्ष्य होतं, झाल्या दहा लाखांच्या घरात. आपण महाराष्ट्रवाल्यांनी यात नाक वर करू नये. बार्शीत १९७६ च्या जानेवारीत बाजाराला आलेल्या माणसांना रस्त्यावरून उचलून नगरपालिकेच्या ट्रकांत कोंबल्याच्या बातम्या तेव्हाच ‘सत्यशोधन’मध्ये आल्या होत्या. आणि सक्तीच्या नसबंदीचं विधेयक मंजूर करणारी विधानसभा महाराष्ट्राची. त्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही, एवढंच आपलं नशीब.

संध्याकाळी फ्रीगंजात एका मराठी घरी गेले. ओळखीच्या ओळखीने पत्ता मिळाला होता. काका बँकेतून निवृत्त झालेले, सत्तरी ओलांडलेली. १९७५ मध्ये माधव कॉलेजात शिकत होते. रात्री भिंतीवर पत्रकं चिकटवताना सापडले आणि भैरवगढला गेले. मिसाबंदी म्हणून मिळालेल्या ताम्रपत्राचा फोटो दिवाणखान्यात आहे. काका बोलायला उत्सुक होते, आणि गोड बोलतात. संघाचे आणि जमाते-इस्लामीचे लोक एकाच बराकीत आल्याची गंमत त्यांनी रंगवून सांगितली: पहिला आठवडा कुणी कुणाशी बोलत नव्हतं, दुसऱ्या आठवड्यात बुद्धिबळ सुरू झालं, पुढे रमजान आणि एकादशी दोन्हींचा हिशेब स्वयंपाकघरात एकाच पाटीवर. समाजवादी मात्र सगळ्यांशी भांडत. मधु लिमये आणि शरद यादव नरसिंहगढच्या तुरुंगात होते. लोकसभेची मुदत वाढवली तेव्हा निवडून दिलेला काळ संपला म्हणून दोघांनी खासदारकीचे राजीनामे पाठवले, ही बातमी भैरवगढमध्ये पोचली तेव्हा जनसंघवाल्यांनीही टाळ्या वाजवल्या, असं काका म्हणाले.

मग निकालाची गोष्ट निघाली. जबलपूरचे शिवकांत शुक्ल आणि इतरांच्या याचिकांवर उच्च न्यायालयांनी कैद्यांच्या बाजूने कौल दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने २८ एप्रिल १९७६ ला तो फिरवला: आणीबाणी असेतो स्थानबद्धाला न्यायालयाचं दार वाजवता येणार नाही. पाचांतले एकटे न्या. हंसराज खन्ना विरोधात उभे राहिले. बहुमतात पुण्याचे यशवंतराव चंद्रचूडही होते, आणि ४१ वर्षांनी, २०१७ मध्ये, त्यांचे चिरंजीव धनंजय चंद्रचूड यांनी तो निकाल चुकीचा ठरवणारं मत लिहिलं. काकांना बाप-लेकाची ही कथा फार आवडते. त्यांच्या वडिलांनीही वकील दिला होता, फी दागिना मोडून भरली होती.

मी विचारलं, ‘काका, बराकीत स्वयंपाक कोण करायचं?’

‘शिक्षा झालेले कैदी दिले होते ना. दोन. एक होता कंजर, काय पोळ्या लाटायचा! आम्ही लोक त्याला उस्ताद म्हणायचो.’

‘नाव?’

काका थांबले. ‘उस्तादच.’

‘कशात आत होता?’

‘चोरीबिरीत असेल.’

‘शिक्षा झालेला होता, की मिसाखाली होता?’

‘अगं, ते कोण विचारत बसणार तेव्हा?’ त्यांच्या आवाजात राग नव्हता, कुतूहल होतं. एवढ्या वर्षांत हा प्रश्न त्यांच्यासमोर आलाच नव्हता, आणि आता आल्यावर त्यांना तो छळणार होता. रात्री निघताना त्यांनी जिन्यातून हाक मारून सांगितलं की उस्तादच्या उजव्या हाताला सहा बोटं होती, याचा काही उपयोग होईल का बघ.

काकू तोवर आत-बाहेर करत होत्या. चहा, मग भुट्ट्याचा कीस, मग पुन्हा चहा. त्यांनी पदर खोचून खुर्ची ओढली ती काका देवापाशी दिवा लावायला गेल्यावर.

‘यांचं ऐकलंस, आता माझं घे,’ म्हणाल्या. ‘यांना तीस हजार महिना आहे, मी काही बोलत नाही. आमच्या घरी त्या सालात कुणी जेलमध्ये नव्हतं. बाबा प्राथमिक शाळेत मास्तर, आगर रस्त्याच्या बाजूला खेड्यात. त्यांचा पगार बंद झाला. केसेस आणा, मग पगार.’

शिक्षकांना नसबंदीच्या ‘केस’ आणायचा कोटा होता, तो भरला नाही तर पगार अडे, बदली होई, हे शहा आयोगाने नोंदवलेलं आहे. पण काकूंच्या तोंडून ते ऐकताना तक्त्यातला रकाना गळून पडला. त्यांच्या वडिलांनी आधी स्वतःची केस दिली. ती एकच धरली. आणखी हव्या होत्या. घरची थोडी शेती होती, तिच्यावर बलाई समाजाचा एक सालदार होता. बाबांनी त्याला सायकलच्या मागे बसवून शिबिरात नेलं.

‘जबरदस्तीनं?’ मी विचारलं.

‘सालदाराला मालक म्हणाला चल, तर त्यात जबरदस्ती काय नि मर्जी काय! तो आला. बाबांचा पगार सुटला, मला परीक्षेची फी भरता आली. मी मॅट्रिक त्यावर झाली.’

एमा टार्लो या मानववंशशास्त्रज्ञ बाईंनी २००३ मध्ये दिल्लीच्या आणीबाणीवर पुस्तक लिहिलं. यमुनेपलीकडच्या ‘वेलकम’ नावाच्या पुनर्वसन वसाहतीतल्या फायली वाचताना त्यांना दिसलं की झोपड्या पाडल्यावर भूखंड हवा तर नसबंदीचा दाखला लागे. ज्याला स्वतः शस्त्रक्रिया नको तो पैसे देऊन दुसऱ्या गरिबाला पुढे करी. वरचा दट्ट्या एक पायरी उतरे, तिथला माणूस तो आणखी खाली ढकले. सगळ्यात खाली जो असेल त्याला ढकलायला कुणी उरत नसे. हुकूमशाहीवरच्या बहुतेक माहितीपटांत हुकूमशहा असतो, पोलीस असतो, शूर कैदी असतो. सायकलवाला मास्तर नसतो. त्याला कुठे बसवायचं हे आम्हालाही कळत नाही.

काकूंना त्या सालदाराचं नाव, बायकोचं नाव, मुलांची नावं क्रमाने पाठ होती. त्यांनी सगळी लिहून घ्यायला लावली. काका परत आले आणि म्हणाले, ‘अगं, त्यांची नावं कशाला?’ काकूंनी उत्तर दिलं नाही, कीस आणखी वाढला.

दुसऱ्या दिवशी आगर रस्त्याने घट्टियाकडे जाणारी बस पकडली. भैरवगढ डाव्या अंगाला मागे पडलं. दोन्हीकडे गहू, ओंब्या भरून आलेल्या. मधल्या एका फाट्यावर उतरून, विचारत विचारत सालदाराच्या थोरल्या मुलाचं घर सापडलं. तो स्वतःही आता साठीचा. ट्रॅक्टरच्या चाकाला काहीतरी ठोकत होता. मास्तरांच्या मुलीने पाठवलं म्हटल्यावर त्याने खाट टाकली. वडील गेल्याला बरीच वर्षं झाली. नसबंदीबद्दल विचारताना मी अडखळले, तो अजिबात अडखळला नाही.

‘सत्तर रुपये मिले थे,’ तो म्हणाला. ‘हम छह भाई-बहन थे ना.’ १९७६ च्या लोकसंख्या धोरणात दर ठरले होते: दोन मुलांनंतर शस्त्रक्रिया केली तर १५० रुपये, तीन असतील तर १००, चार किंवा जास्त असतील तर ७०. कुणी अभ्यासकाने सांगावं इतक्या नेमकेपणाने तो हिशेब त्याच्याकडे होता, कारण त्या सत्तरातून शेळी आली होती.

मी वाट बघत होते ती तक्रारीची. ती आली नाही. तो उठून आत गेला आणि पत्र्याच्या पेटीतून प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला कागद घेऊन आला. जमिनीचा पट्टा. त्याच काळातला. वीस कलमी कार्यक्रमात भूमिहीनांना अतिरिक्त जमीन वाटण्याचं कलम होतं, वेठबिगारी बंद करण्याचंही होतं. बापाने आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या नावाची जमीन नांगरली ती या कागदावर. ‘इंदिराजी ने दी,’ तो म्हणाला, आणि त्याच्या भिंतीवर बाबासाहेबांच्या शेजारी इंदिराबाईंचा जुन्या कॅलेंडरातला फोटो होताच. मला नामदेव ढसाळ आठवले. दलित पँथरचा हा सर्वांत धगधगीत कवी आणीबाणीच्या बाजूने उभा राहिला, ‘प्रियदर्शिनी’ लिहून मोकळा झाला, आणि आपल्या पुरोगाम्यांनी ती गोष्ट कायम त्याची व्यक्तिगत घसरण म्हणून सांगितली. ढसाळांचं समर्थन मी करत नाही. पण ज्याला त्याआधीच्या लोकशाहीने एक बिघाही दिला नव्हता, त्याने तिच्या जाण्याबद्दल किती अश्रू ढाळावेत याचं माप फ्रीगंजातून काढता येत नाही, पुण्यातून तर नाहीच.

त्याने विचारलं, मास्तरांच्या जावयाला पेन्शन आहे म्हणतात, ते कशाचं? मी सांगितलं. मग त्याने साहजिक पुढचा प्रश्न विचारला, की ऑपरेशनवाल्यांना काही आहे का. नाही म्हटलं. त्याने मान हलवली, जसं बियाण्याचा भाव ऐकून हलवावी.

‘ऑपरेशन का कागज है?’ मी विचारलं. कॅमेऱ्याला कागद लागतो. पट्टा आणि दाखला शेजारी शेजारी ठेवून घेतलेलं एक दृश्य मला तोपर्यंत दिसायला लागलं होतं.

‘वो तो मास्टरजी ने रख लिया था,’ तो म्हणाला. ‘तनखा के वास्ते. जमा कराना पड़ता था.’

फाट्यावर बसची वाट बघताना मी काकूंना फोन लावला. बाबांच्या कागदांची पेटी आहे म्हणाल्या, सगळी नोकरीची पानं, कोट्याच्या पावत्या, बाबांनी काही टाकलं नाही. पण ती पेटी धाकट्या भावाकडे देवासला आहे, आणि बाबांचं नाव त्यात येणार असेल तर तो ती उघडू देणार नाही. तरी पत्ता देते, लिहून घे, असं म्हणून त्यांनी गल्लीपासून सुरुवात केली.